ब्लूज आणि शाहिरी : जे. बी. लेनोर व विलास घोगरे यांच्या गायनाचा तौलनिक विचार

गोषवारा : अमेरिकेतील कृष्णवर्णीयांचे ब्लूज गायन आणि महाराष्ट्रातील आंबेडकरी-श्रमिक शाहिरी यांची तुलना मराठी समीक्षेत अधूनमधून सूचित केली जाते. ती बहुधा 'दोन्ही शोषितांची गाणी' या विधानापाशी थांबते. प्रस्तुत लेखात शिकागोचे ब्लूज गिटारवादक-गायक जे. बी. लेनोर आणि मुंबईच्या पूर्व उपनगरांतील लोकशाहीर विलास घोगरे यांच्या जीवनाचा व गायनाचा एकत्रित विचार करून या साम्याची मर्यादा तपासली आहे. गाण्याला प्रतिसाद कोण देतो, हा प्रश्न तुलनेचा मुख्य निकष मानला आहे.

बीजसंज्ञा : ब्लूज, शाहिरी, झीलकरी, आंबेडकरी जलसा, स्थलांतर, लोकगायन.

१. प्रस्तावना

अमेरिकेतील कृष्णवर्णीयांचा लढा आणि भारतातील जातिअंताचा लढा यांचे नाते महाराष्ट्राला नवे नाही. महात्मा फुले यांनी १८७३ साली 'गुलामगिरी' हा ग्रंथ गुलामांना दास्यमुक्त करणाऱ्या अमेरिकेतील लोकांना अर्पण केला. कोलंबिया विद्यापीठात शिकलेल्या डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी १९४६ मध्ये डब्ल्यू. ई. बी. ड्यू बॉईस यांच्याशी पत्रव्यवहार केला. १९७२ मध्ये मुंबईत स्थापन झालेल्या दलित पँथरने आपले नावच ब्लॅक पँथर पक्षावरून घेतले. म. ना. वानखेडे, गंगाधर पानतावणे आणि जनार्दन वाघमारे यांच्यासारख्या अभ्यासकांनी निग्रो साहित्याचा परिचय मराठी वाचकास करून दिला व दलित साहित्याच्या मांडणीत त्या साहित्याचा दाखला वारंवार दिला गेला.

मात्र हे नाते प्रामुख्याने छापील साहित्याचे राहिले. कविता, आत्मकथन, कादंबरी यांची तुलना झाली. गाण्याची तुलना क्वचितच झाली. वस्तुतः दोन्ही समाजांत अक्षरओळख दुर्मीळ असलेल्या काळापासून विचाराचे मुख्य वाहन गाणे हेच होते. १९३०च्या दशकात भीमराव कर्डकांसारख्यांचे जलसे गावोगाव फिरत होते, तेव्हा दलित कथेचा वा कादंबरीचा प्रवाह अजून आकारास यावयाचा होता. असे असता गाण्याची तुलना मागे का पडली? गाणे छापील पानावर आणले की त्यातील निम्मा ऐवज गळून पडतो, हे त्याचे एक कारण असावे. दुसरे कारण असे की, वाङ्मयाचा अभ्यासक संगीताकडे वळण्यास बिचकतो आणि संगीताचा अभ्यासक वस्तीतील गाण्याला संगीत मानावयास सहसा तयार नसतो.

या लेखात दोन गायक निवडले आहेत. दोघांची भेट होणे शक्य नव्हते. एकाने दुसऱ्याचे गाणे ऐकल्याचाही पुरावा नाही. त्यामुळे येथे प्रभावाचा प्रश्न उद्भवत नाही. दोन भिन्न समाजांत समान परिस्थितीतून निर्माण झालेल्या गायनात काय समान आहे व काय वेगळे आहे, एवढाच प्रश्न आहे.

२. रेल्वेमार्गालगतचे दोन समाज

ब्लूजचा जन्म मिसिसिपी आणि आसपासच्या राज्यांतील कापसाच्या शेतांवर झाला. त्याला आज जे रूप आपण ओळखतो ते मात्र शिकागोसारख्या शहरांत मिळाले. साधारणपणे १९१० ते १९७० या काळात सुमारे साठ लाख कृष्णवर्णीय दक्षिणेकडील राज्ये सोडून उत्तरेच्या व पश्चिमेच्या शहरांत गेले. मिसिसिपीतून शिकागोस नेणारा इलिनॉय सेंट्रल रेल्वेचा मार्ग हा या स्थलांतराचा एक मुख्य मार्ग होता. शेतावर एकट्याने वाजवलेली गिटार शहरातील गजबजलेल्या पानगृहात ऐकू येईना, म्हणून तिला वीज जोडली गेली. मडी वॉटर्स यांचे १९४१ मधील मिसिसिपीतील ध्वनिमुद्रण आणि शिकागोतील त्यांची पुढची ध्वनिमुद्रणे एकामागून एक ऐकली, तर स्थलांतराचा सगळा इतिहास कानांना कळतो.

मुंबईच्या पूर्व उपनगरांचा पट्टाही असाच रेल्वेच्या आधाराने वाढला. घाटकोपर, विक्रोळी, कांजूरमार्ग, भांडुप, नाहूर, मुलुंड ही मध्य रेल्वेची स्थानके. एका बाजूस लालबहादूर शास्त्री मार्गालगतचे कारखाने, दुसऱ्या बाजूस पूर्व द्रुतगती महामार्ग आणि त्यापलीकडे मिठागरे. कारखान्यांतील कामाच्या ओढीने मराठवाडा, विदर्भ, पश्चिम महाराष्ट्र व कोकण येथून माणसे आली आणि जेथे मोकळी जागा मिळाली तेथे वस्त्या उभ्या राहिल्या. घाटकोपरच्या चिरागनगरच्या झोपडपट्टीत अण्णा भाऊ साठे यांनी आयुष्याची अनेक वर्षे काढली. अमर शेख व द. ना. गवाणकर यांच्यासह १९४४ मध्ये त्यांनी उभारलेल्या लाल बावटा कलापथकाने शाहिरीला गिरणगावाची भाषा दिली. म्हणजे पूर्व उपनगरांचा हा पट्टा शाहिरीच्या इतिहासात परका नाही. कांजूरमार्गच्या आजूबाजूच्या महाविद्यालयांतून शिकणारे कितीतरी विद्यार्थी याच वस्त्यांतून येतात. त्यांच्या घरी भीमगीत वाजते आणि वर्गात लोकसाहित्याचा पाठ शिकवला जातो. या दोहोंचा एकमेकांशी काही संबंध आहे, हे त्यांना आपण सांगत नाही.

३. जे. बी. लेनोर : जीवन आणि कारकीर्द

जे. बी. लेनोर यांचा जन्म ५ मार्च १९२९ रोजी मिसिसिपी राज्यातील मॉन्टिसेलो येथे झाला. 'जे. बी.' ही कोणत्याही नावाची आद्याक्षरे नव्हती; तेच त्यांचे नाव होते. वडील गिटार वाजवत असत व त्यांच्यामुळे लेनोर यांची ब्लाइंड लेमन जेफरसन यांच्या ब्लूजशी ओळख झाली. १९४९ मध्ये ते शिकागोस आले. तेथे बिग बिल ब्रून्झी या ज्येष्ठ गायकाने त्यांना शहरातील ब्लूज वर्तुळात प्रवेश मिळवून दिला. उंच पट्टीतील, जवळजवळ स्त्रीकंठाचा भास देणारा आवाज आणि झेब्र्यासारख्या पट्ट्यांचा लांब कोट ही त्यांची रंगमंचावरील ओळख बनली. 'मामा टॉक टू युअर डॉटर' हे त्यांचे नाचावयास लावणारे गाणे १९५५ मध्ये बरेच लोकप्रिय झाले.

तथापि लेनोर यांचे वेगळेपण अन्यत्र आहे. ब्लूजचा रूढ विषय प्रेमभंग, दारिद्र्य, भटकंती आणि एकाकीपणा. ब्लूजचे आरंभीचे गोरे अभ्यासक असे मानत की, या गाण्यात दुःख आहे, निषेध फारसा नाही. या मतास काही आधारही होता. ध्वनिमुद्रिका काढणाऱ्या कंपन्या गोऱ्यांच्या मालकीच्या होत्या आणि दक्षिणेत उघड निषेधाची किंमत प्राणांनी चुकवावी लागे. लेनोर यांनी मात्र कोरियातील युद्धावर गाणे केले. १९५४ मध्ये राष्ट्राध्यक्षांचे नाव घेऊन 'आयझेनहॉवर ब्लूज' ध्वनिमुद्रित केले. कंपनीने ती तबकडी मागे घेतली आणि शीर्षक व शब्द बदलून 'टॅक्स पेइंग ब्लूज' या नावाने पुन्हा ध्वनिमुद्रण केले. करांविषयीची तक्रार चालली. राष्ट्राध्यक्षांचे नाव चालले नाही.

१९६५ मध्ये विली डिक्सन यांच्या देखरेखीखाली, प्रामुख्याने युरोपातील श्रोत्यांसाठी, 'अलाबामा ब्लूज' ही ध्वनिमुद्रिका तयार झाली. त्याच वर्षी 'अमेरिकन फोक ब्लूज फेस्टिव्हल'बरोबर त्यांनी युरोपचा दौरा केला. या काळात त्यांनी विजेची गिटार बाजूला ठेवून साधी गिटार हाती घेतली; साथीला फ्रेड बिलो यांचा ढोल, काही गाण्यांत डिक्सन यांचा पूरक आवाज, एवढेच. अलाबामातील हिंसा, व्हिएतनामचे युद्ध, १९६६ मध्ये जेम्स मेरेडिथ या नागरी हक्क कार्यकर्त्यावर झालेला गोळीबार हे त्यांच्या गाण्यांचे विषय झाले. ज्या देशाविषयी ही गाणी होती, त्या देशातील श्रोत्यांपेक्षा ती युरोपातील श्रोत्यांपर्यंत आधी पोहोचली, ही त्यांच्या कारकिर्दीतील मोठी विसंगती होय.

गाण्यावर पोट भरत नसल्याने लेनोर अखेरच्या काळात इलिनॉय विद्यापीठात स्वयंपाकघरातील काम करीत होते. मोटार अपघातात झालेल्या दुखापतीनंतर सुमारे तीन आठवड्यांनी, २९ एप्रिल १९६७ रोजी त्यांचा मृत्यू झाला. वय अवघे ३८. सीबर्ग दांपत्याने १९६०च्या दशकात त्यांचे काही चित्रीकरण केले होते. विम वेंडर्स यांनी २००३ मधील 'द सोल ऑफ अ मॅन' या चित्रपटात ते वापरले, तेव्हा लेनोर यांचे नाव नव्या पिढीला पुन्हा कळले.

४. गाण्याची घडण आणि प्रतिसादाचा प्रश्न

ब्लूजची प्रचलित घडण बारा मात्राखंडांची असते. पहिली ओळ गायिली जाते, तीच पुन्हा गायिली जाते आणि तिसऱ्या ओळीत त्या विधानाचा शेवट होतो. प्रत्येक ओळ आपल्या वाट्याच्या जागेपैकी साधारण निम्मीच जागा घेते. उरलेली जागा गिटार भरून काढते. गांधार, पंचम व निषाद हे स्वर किंचित खाली ओढून लावले जातात. ते कोमलही नसतात व शुद्धही नसतात. आपल्या श्रुतिविचाराशी परिचित असलेल्या श्रोत्यास हे सहज जाणवेल. हे ओढलेले स्वर गळ्यातून निघतात आणि तार ताणून गिटारमधूनही काढता येतात. म्हणून ब्लूजमधील गिटार केवळ साथ करीत नाही, ती दुसरा आवाज बनते. गायक बोलतो आणि त्याच्याच हातातील वाद्य त्याला उत्तर देते.

या रचनेचे मूळ आफ्रिकी व अमेरिकी श्रमगीतांतील साद-प्रतिसादात आहे. शेतावर एक जण म्हणत असे व इतर उत्तर देत. ब्लूजमध्ये ते 'इतर' नाहीसे झाले आणि त्यांची जागा वाद्याने घेतली. गुलामगिरी संपल्यानंतर माणूस कायद्याने स्वतंत्र पण प्रत्यक्षात एकाकी झाला, त्याची खूण गाण्याच्या घडणीतच उरली, असे म्हणता येईल. अमिरी बराका (तेव्हाचे लीरॉय जोन्स) यांनी १९६३ च्या 'ब्लूज पीपल' या ग्रंथात ब्लूजमधील व्यक्तिनिष्ठतेचा संबंध मुक्तीनंतरच्या जीवनाशी जोडला आहे, तो या दृष्टीने महत्त्वाचा वाटतो.

शाहिरीची घडण याहून वेगळी आहे. शाहीर डफावर थाप मारून पुढे येतो, तुणतुणे सूर धरते, ढोलकी व झांज लय सांभाळतात; पण शाहिराला खरा प्रतिसाद देतात ते मागे उभे असलेले झीलकरी. शाहिराच्या ओळीचा शेवट ते उचलतात, तो पुन्हा म्हणतात, त्याला दुजोरा देतात. शाहिराने केलेले विधान झीलकऱ्यांच्या तोंडून समूहाचे विधान होते. आंबेडकरी जलशाने आणि पुढे कलापथकांनी गण, गवळण यांसारखे तमाशातील घटक टाकून दिले वा बदलले, पण झील टाकली नाही. वामनदादा कर्डकांसारखा कवी-गायक एकट्याच्या बळावर गावोगाव फिरला, तरी त्याचे धृपद श्रोते उचलून धरीत. शाहिरीत प्रतिसाद माणसाकडून येतो.

हा भेद तांत्रिक वाटला तरी तुलनेचा गाभा येथेच आहे. ब्लूज गायक समूहापासून तुटला तरी त्याचे गाणे पूर्ण होऊ शकते, कारण उत्तर त्याच्या हातात असते. शाहीर समूहापासून तुटला की त्याच्या गाण्याचा अर्धा भाग नाहीसा होतो.

५. विलास घोगरे : पूर्व उपनगरांचा शाहीर

विलास घोगरे मुलुंडच्या वस्तीत राहत. कवी, गायक आणि कार्यकर्ता या तिन्ही भूमिका त्यांच्यात एकवटल्या होत्या. डाव्या विचारांच्या आव्हान नाट्य मंचाच्या कार्यक्रमांतून ते गात. संभाजी भगत यांच्यासारखे शाहीर याच चळवळीतून पुढे आले. १९८२ च्या गिरणी संपानंतरचा हा काळ. दत्ता सामंतांच्या नेतृत्वाखाली सुमारे अडीच लाख कामगारांनी केलेला तो संप मोडला गेला, गिरण्या हळूहळू बंद पडल्या आणि उपनगरांतील कारखान्यांनाही पुढे तीच कळा आली. पदपथांवरील व झोपड्यांतील रहिवाशांना हटवण्याच्या मोहिमा सुरू होत्या. पदपथवासीयांच्या हक्कासंबंधीचा सर्वोच्च न्यायालयाचा प्रसिद्ध निकाल जुलै १९८५ मधील आहे.

त्याच वर्षी आनंद पटवर्धन यांचा 'हमारा शहर' हा माहितीपट आला. त्यात घोगरे यांचे हिंदी गाणे आहे. कष्टकऱ्यांची करुण कहाणी जवळ येऊन ऐका, असे ते गाणे श्रोत्यांना आवाहन करते. या गाण्यातील तीन गोष्टी लक्षणीय आहेत. एक, त्यातील निवेदक एकवचनी नाही. मजूर स्वतःविषयी 'आम्ही' म्हणून बोलतात. दोन, श्रोता गाण्याच्या बाहेर राहत नाही, त्याला हाक मारून आत घेतले जाते. तीन, गाण्याची भाषा हिंदी असली तरी तिची मांडणी पोवाड्याच्या कथनपद्धतीची आहे. मुंबईच्या वस्तीत मराठी, उत्तर भारतीय, दाक्षिणात्य कष्टकरी शेजारीशेजारी राहतात. त्या सर्वांना कळेल अशी भाषा शाहिराने निवडली. शिकागोत मिसिसिपीच्या आणि अर्कान्सासच्या माणसांना एकत्र आणणारी बोली ब्लूजने घडवली, त्याच्याशी याचे साम्य आहे.

घोगरे यांच्या आवाजाविषयी स्वतंत्रपणे लिहावयास हवे. तो कमावलेल्या गळ्याचा आवाज नाही. त्यात एक प्रकारचा खर आहे, शब्द स्पष्ट आहेत आणि कारुण्य असूनही रडवेपणा नाही. दुःख सांगताना आवाज खाली बसत नाही, हे शाहिरीचे वैशिष्ट्य त्यांनी सांभाळले आहे. दलित साहित्याच्या समीक्षेत 'वेदना, विद्रोह, नकार' अशी त्रयी सांगितली जाते. छापील कवितेत या तीन अवस्था वेगळ्या काढून दाखवता येतात. घोगरे यांच्या गाण्यात शब्द वेदनेचे असतात आणि स्वर विद्रोहाचा असतो. दोन्ही एकाच क्षणी ऐकू येतात. शब्दांवरून अर्थ लावणारी समीक्षा येथे अपुरी पडते.

लेनोर यांच्याबाबतही हेच घडते. 'अलाबामा ब्लूज'मधील विधाने भीषण आहेत, पण त्यांचा कोवळा, उंच आवाज ती विधाने जवळजवळ अंगाईच्या लयीत मांडतो. तेथे शब्द विद्रोहाचे आणि स्वर वेदनेचा आहे. घोगरे यांच्या नेमकी उलट ही रचना होय. परंतु शब्द आणि स्वर यांना परस्परविरुद्ध दिशांना ताणण्याची कृती दोघांत समान आहे.

६. 'मी' आणि 'आम्ही'

लेनोर यांनी राजकीय विषय निवडला तरी ब्लूजचे व्याकरण मोडले नाही. अलाबामाविषयी गाताना ते कृष्णवर्णीय जनतेच्या वतीने ठराव मांडत नाहीत. एक माणूस म्हणतो की मला तेथे परत जायचे नाही, आणि त्यामागचे कारण म्हणून आपल्या भावावर झाडल्या गेलेल्या गोळीचा उल्लेख करतो. लाखो लोकांवर झालेला अन्याय एका घरात आणून ठेवला जातो. हा 'मी' आत्मचरित्रात्मक असेलच असे नाही. ब्लूजमधील 'मी' कोणालाही उसना घेता येतो. ऐकणारा प्रत्येक जण तो 'मी' स्वतःला लावून पाहू शकतो, यातच त्याची सामूहिकता आहे.

शाहिरीतील 'आम्ही' आरंभापासूनच उघड सामूहिक असतो. त्याचे सामर्थ्य मोठे आहे, आणि त्याचा धोकाही आहे. 'आम्ही' म्हणणाऱ्या शाहिराने स्वतःच्या घरची चूल, स्वतःची निराशा, स्वतःचे एकटेपण कोठे मांडावे? कलापथकाच्या मंचावर त्याला जागा नसते. चळवळीच्या गाण्यात दुःखाला प्रवेश मिळतो तो शोषणाचा पुरावा म्हणून; ते दुःख कोणा एकाचे आहे, ही बाब गौण ठरते. ब्लूज गायकाला मात्र तेवढी मोकळीक परंपरेनेच दिलेली असते. रॅल्फ एलिसन यांनी १९४५ मधील एका निबंधात ब्लूजचे वर्णन, व्यक्तीने आपल्या जीवनातील यातनेचे तपशील मनात जिवंत ठेवून त्यांच्यावर मात करण्याची धडपड, अशा आशयाने केले आहे. मराठी शाहिरीने ही व्यक्तिगत धडपड गाण्याबाहेर ठेवली. हा दोष एखाद्या शाहिराचा नव्हे. हा त्या प्रकारानेच स्वीकारलेला संकोच आहे आणि समीक्षेने तो दाखवून द्यावयास हवा.

७. निळ्या रंगाचे दोन अर्थ

११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या माता रमाबाई आंबेडकर नगरात डॉ. आंबेडकरांच्या पुतळ्याची विटंबना झाल्याचे पहाटे उघडकीस आले. संतप्त रहिवासी महामार्गावर आले. राज्य राखीव पोलीस दलाने केलेल्या गोळीबारात दहा जण मृत्युमुखी पडले आणि अनेक जखमी झाले. न्यायमूर्ती गुंडेवार आयोगाने गोळीबार असमर्थनीय ठरवला. २००९ मध्ये सत्र न्यायालयाने संबंधित अधिकाऱ्यास दोषी ठरवून जन्मठेप सुनावली व त्यानंतर उच्च न्यायालयाने त्यास जामीन दिला. गोळीबारानंतर काही दिवसांतच विलास घोगरे यांनी मुलुंड येथील आपल्या घरात निषेधार्थ आत्महत्या केली. त्यांच्या डोक्यास निळी पट्टी बांधलेली होती.

पटवर्धन यांनी त्यानंतर चौदा वर्षे चित्रीकरण करून २०११ मध्ये 'जय भीम कॉम्रेड' पूर्ण केला. तीन तासांहून अधिक लांबीचा हा चित्रपट घोगरे यांच्या मृत्यूपासून सुरू होतो आणि पुण्याच्या कबीर कला मंचाच्या तरुण शाहिरांपर्यंत येतो. घोगरे यांना मृत्यूपूर्वी त्यांच्या संघटनेपासून दूर करण्यात आले होते, ही गोष्टही चित्रपटात चर्चिली गेली आहे. लाल झेंड्याखाली गायिलेल्या शाहिराने अखेरीस निळा रंग का जवळ केला, हा चित्रपटाने उभा केलेला प्रश्न आहे.

येथे एक मोह आवरावयास हवा. इंग्रजीत निळा रंग उदासीचा मानला जातो व 'ब्लूज' हे नाव त्यावरून आले. घोगरे यांच्या निळ्या पट्टीला 'ब्लूज' म्हणणे हा शब्दखेळ सुचण्यास वेळ लागत नाही. परंतु तो अर्थाचा विपर्यास ठरेल. आंबेडकरी चळवळीतील निळा रंग शेड्यूल्ड कास्ट्स फेडरेशनच्या झेंड्यापासून आत्मभान, संघटन व अभिमान यांचा रंग आहे. घोगरे यांनी ती पट्टी बांधली ती आपले दुःख सांगण्यासाठी नसून आपण कोणाचे आहोत हे सांगण्यासाठी, असे मानणे अधिक सयुक्तिक आहे. ज्या समूहाचा प्रतिसाद गाण्याला आवश्यक होता, तो समूह त्यांनी अखेरच्या क्षणी पुन्हा निवडला. चौथ्या परिच्छेदात मांडलेला भेद येथे गाण्याबाहेर, जीवनात आलेला दिसतो. शाहिराचे झीलकरी त्याच्यापासून दूर झाले होते आणि गिटारसारखे उत्तर देणारे वाद्य त्याच्या परंपरेने त्याला दिलेले नव्हते. मृत्यूचे संपूर्ण कारण यात आहे असा दावा करणे अनुचित होईल. मनुष्याच्या अशा निर्णयामागे असंख्य गोष्टी असतात. परंतु चळवळीने आपल्या गायकाला शिस्तीच्या मापाने मोजताना गाण्याची ही गरज ध्यानात घेतली नाही, एवढे म्हणावयास जागा आहे.

८. मृत्यूवरून गायक वाचण्याची सवय

ब्लूजच्या इतिहासात रॉबर्ट जॉन्सन यांचे उदाहरण बोलके आहे. १९३६ व १९३७ मध्ये त्यांनी २९ गाणी ध्वनिमुद्रित केली आणि १९३८ मध्ये, वयाच्या सत्ताविसाव्या वर्षी, त्यांचा मृत्यू झाला. चौरस्त्यावर सैतानाला आत्मा विकून त्यांनी गिटारविद्या मिळवली, ही दंतकथा इतकी पसरली की त्यांच्या गिटारवादनातील कसब, त्यांनी पूर्वसुरींच्या तबकड्या ऐकून केलेला अभ्यास, या गोष्टी दीर्घकाळ झाकोळून गेल्या. दंतकथा गायकाला अमर करते, आणि त्याच्या परिश्रमांचे श्रेय हिरावूनही घेते.

घोगरे यांच्याबाबत असेच घडण्याचा संभव आहे. त्यांच्याविषयी लिहिले जाते ते बहुधा हुतात्मा म्हणून. त्यांचा मृत्यू हीच त्यांची सर्वोत्तम कविता होती, अशा स्वरूपाची भाषा आदरापोटी वापरली जाते, तरी ती स्वीकारता येत नाही. तिने गायकाच्या वर्षानुवर्षांच्या कामाला मृत्यूची प्रस्तावना बनवले जाते. शिवाय निराशेच्या टोकाला पोहोचलेल्या तरुण कार्यकर्त्यांपुढे आपण कोणता आदर्श ठेवतो, याचाही विचार समीक्षकाने केला पाहिजे. दत्ता सामंतांची हत्या, रमाबाई नगर गोळीबार आणि घोगरे यांचा मृत्यू या घटना १९९७ या एकाच वर्षात, पवई ते मुलुंड या अल्प अंतरात घडल्या. त्या वर्षाचा इतिहास लिहिताना मृत्यू नोंदवावेच लागतील. पण शाहिराचा इतिहास गाण्यांपासून सुरू झाला पाहिजे: त्याने कोणत्या चाली घेतल्या, कोणत्या मोडल्या, लोकगीताचे धृपद घोषणेशी कसे जोडले, हिंदी आणि मराठी यांमध्ये कसा वावर केला.

दोन्ही गायक आज आपल्याला प्रामुख्याने माहितीपटांतून भेटतात, हेही विचारात घेण्यासारखे आहे. चित्रपटाने त्यांना वाचवले, याबद्दल कृतज्ञ असावयास हवे. पण माहितीपट गाण्याचा अंश देतो, तेही दिग्दर्शकाच्या मांडणीत. लेनोर यांच्या ध्वनिमुद्रिका स्वतंत्रपणे उपलब्ध आहेत, त्यामुळे वेंडर्स यांचे वाचन पडताळून पाहता येते. ज्या शाहिराचे गाणे कार्यक्रमाच्या वहीत, साथीदारांच्या स्मरणात आणि चित्रपटातील काही मिनिटांत उरते, त्याच्याबाबत अशी पडताळणी अवघड होते. अमेरिकेत लोमॅक्स पिता-पुत्रांनी तुरुंगांत व शेतांवर जाऊन ध्वनिमुद्रणे केली. त्यांच्या पद्धतीवर, विशेषतः लेडबेली यांच्याशी असलेल्या त्यांच्या व्यवहारावर, रास्त टीका झाली आहे. तरीही त्या संग्रहामुळे पुढच्या समीक्षेला मूळ साहित्य मिळाले, हे नाकारता येणार नाही.

९. निष्कर्ष

वरील विवेचनावरून पुढील गोष्टी स्पष्ट होतात.

ब्लूज आणि शाहिरी यांचे साम्य विषयापुरते मर्यादित नाही. स्थलांतर, शहरातील श्रम, पोलिसी हिंसा यांबरोबरच शब्द व स्वर यांतील ताण हेही दोहोंना जोडणारे सूत्र आहे. शब्दार्थावर विसंबणारी समीक्षा हे सूत्र पकडू शकत नाही.

दोहोंतील मूलभूत भेद प्रतिसादाच्या स्वरूपात आहे. ब्लूज गायकाला उत्तर देते ते वाद्य. शाहिराला उत्तर देतो तो समूह. म्हणून ब्लूज एकाकीपणातही टिकतो, आणि शाहिरी समूहाच्या जागेपणावर अवलंबून राहते. एकाला श्रेष्ठ व दुसऱ्याला कनिष्ठ ठरवण्याचे कारण नाही. लेनोर यांच्या गाण्यामागे चळवळीचे झीलकरी असते, तर ते स्वदेशात कदाचित अधिक ऐकले गेले असते. घोगरे यांच्या परंपरेत एकट्याच्या दुःखाला थोडी जागा असती, तर ती परंपरा अधिक समृद्ध झाली असती. प्रत्येकाची उणीव दुसऱ्याच्या संपत्तीकडे निर्देश करते.

निळ्या रंगाचे साम्य आभासी आहे. ते टाळूनच तुलना पुढे नेली पाहिजे.

शेवटी एक व्यावहारिक मुद्दा. पूर्व उपनगरांतील महाविद्यालयांना शाहिरीचा अभ्यास करण्यासाठी दूर जाण्याचे कारण नाही. कांजूरमार्गहून एका बाजूस चिरागनगर व रमाबाई नगर, दुसऱ्या बाजूस मुलुंड. दोन्ही काही स्थानकांच्या अंतरावर आहेत. या वस्त्यांतील कलापथकांचे जुने साथीदार, ढोलकीवादक, झीलकरी आज वृद्ध होत आहेत. मराठी, समाजशास्त्र आणि इतिहास या विभागांनी मिळून त्यांच्या वह्या व चाली यांचे, त्यांच्या संमतीने, ध्वनिमुद्रण करणे शक्य आहे. त्यासाठी मोठ्या अनुदानाची गरज नाही. एक बरे यंत्र, विद्यार्थ्यांचा एक गट आणि ऐकण्याची तयारी पुरेशी आहे. लोकसाहित्याच्या अभ्यासपत्रिकेत पोवाडा शिवकाळापासून सुरू होतो आणि संयुक्त महाराष्ट्राच्या चळवळीपाशी बहुधा संपतो. तो आपल्या विद्यार्थ्यांच्या वस्तीपर्यंत आणून सोडणे ही आपली जबाबदारी आहे.